थांबा म्हणायचा हक्क

डॉक्टरबाईंनी हा नियम आणला तेव्हा अख्ख्या हॉस्पिटलने नाकं मुरडली होती. मेंदू मेलाय की नाही याची शेवटची तपासणी म्हणे घरच्या माणसासमोर करायची! व्हेंटिलेटर काढायचा, नळीतून नुसता ऑक्सिजन सोडायचा आणि छाती आपणहून हलते का ते सगळ्यांनी बघायचं. वर आणखी एक खूळ: खोलीतलं कुणीही 'थांबा' म्हणालं की थांबायचं, कारण विचारायचं नाही, तपासणी पुन्हा पहिल्यापासून. तमाशा होईल, असं मोठे डॉक्टर म्हणाले होते. तो काही झाला नाही. उलट पूर्वी अंगावर धावून येणारी माणसं स्वतःच्या डोळ्यांनी बघत, रडत आणि अवयव द्यायला तयार होत.

आज त्याच खोलीत बाई अंगात कोट न घालता भिंतीला टेकून उभ्या होत्या. खाटेवर त्यांचा भाचा होता. बांबू. हे नाव त्यांनीच ठेवलेलं, कारण पठ्ठ्या प्रत्येक दारातून वाकून आत यायचा. गच्चीवरच्या टाकीचा नळ बघायला चढला आणि पाय घसरला, एवढंच.

"छोटे, अंग गरम आहे गं त्याचं," बांबूची आई, बाईंची थोरली बहीण ताई म्हणाली. तिने बाईंचं मनगट घट्ट धरलं होतं.

"मशीन चालू आहे म्हणून, ताई."

"तुला नक्की माहितीये?"

"हो."

आवाज खणखणीत आला. बांबू गेलाय हे त्यांनी स्कॅन बघितला तेव्हाच ओळखलं होतं. त्यांना भीती वाटत होती ती या 'हो'चीच. इतक्या आयांना तो सांगितला, त्यातला एखादा चुकला असेल तर?

घरच्या पेशंटला हात लावायचा नाही, म्हणून तपासणी त्यांचा विद्यार्थी करत होता. सगळे त्याला चष्मेवाला म्हणत. त्याने नळी सुटी केली. मशीनचा आवाज थांबला. छाती हलली नाही.

आणि बांबूचा उजवा हात कोपरातून हळूहळू वर आला.

"उठतोय! बघ, उठतोय तो!" ताई किंचाळली.

"काकू, हे मणक्यातून येतं, मेंदूतून नाही," चष्मेवाला हळूच म्हणाला. "हाताकडे नका बघू, छातीकडे बघा."

शब्दन् शब्द बाईंचा, त्यांनीच त्याच्याकडून घोटून घेतलेला. आज तो ऐकून त्यांना त्याचा गळा दाबावासा वाटला. हात खाली पडला. असे हात त्यांनी कितीतरी बघितले होते. वरच्या मजल्यावर अवयवांची वाट बघणाऱ्यांपैकी कुणाकुणाचे दिवस संपत आलेत, हेही त्यांच्याइतकं कुणाला ठाऊक नव्हतं.

"थांबा."

सगळे ताईकडे वळले. ताई बाईंकडे बघत होती. शब्द बाईंच्या तोंडून निघाला होता.

कारण विचारायचं नव्हतं. चष्मेवाल्याने मशीन पुन्हा जोडलं. बाईंना शरमेने मेल्याहून मेल्यासारखं झालं.

रक्तातला ऑक्सिजन जागेवर आल्यावर पुन्हा सुरुवात झाली. हात पुन्हा उचलला गेला. बाईंनी या वेळी छातीवरची नजर हलू दिली नाही. श्वास आला नाही. वेळ भरेपर्यंत आला नाही.

बाहेर बाकावर, अवयवांचं विचारण्याचं काम जिच्याकडे होतं ती मुलगी जवळ आली. ती बोलायच्या आत ताईच म्हणाली, "काय लागेल ते घ्या त्याचं."

"ताई, माझ्यासाठी म्हणून नको हं."

"तुझ्यासाठी कशाला? मी नाहीच म्हणणार होते. म्हटलं, छोटीचं हे रोजचंच, तिला काय त्याचं." ताईने पदराने तोंड पुसलं. "पण तू घाबरलीस. माझ्याहून जास्त घाबरलीस. आता नीट बघितलंस ना?"

बाईंचा या वेळचा 'हो' फार हळू आला.