काळी मखमल

लंडनजवळच्या वॉल्थमस्टोतल्या आमच्या काचेच्या स्टुडिओत तीन वर्षांत मी अकरा आंधळे आणि चार भुते साकारली होती. कारण माझे डोळे. ते फिकट निळे आणि आमची फिल्म निळे तेवढे पांढरे करून टाकी. पडद्यावर मला बुबुळेच नसत.

त्या मंगळवारी प्रथमच माझ्या वाट्याला डोळस माणूस आला होता. तो युद्धावरून परततो आणि अंगणात चादरी वाळत घालणाऱ्या बायकोकडे भान हरपून पाहत राहतो.

"डोळे पांढरे आले, तर शुक्रवारपासून हे काम सिरिलकडे," दिग्दर्शक पॉलिटसाहेबांनी बजावले होते.

तोडगा एकच होता. काळ्या मखमलीकडे टक लावून पाहिले की बाहुल्या रुंदावतात आणि निळाई कडेला सरते. पण चित्रणाला ऊन हवे, आणि उन्हात बाहुल्या आक्रसतात. छतावर ढग थबकले होते. कॅमेऱ्याशेजारी कपडेपटातल्या टबबाई मखमल धरून उभ्या होत्या आणि मी त्या काळोखाला चिकटून होतो.

"पापणी तरी लवू द्या हो. बाजारातल्या माशासारखे दिसताय."

"बाई, हलू नका."

"माझा हात गळून पडला, तर तोही हलवू नका म्हणाल!"

"ऊन नाही आलं तर ही चादर जन्मात वाळायची नाही," माझ्या बायकोचे काम करणारी नोरा पुटपुटली.

आणि ऊन आले. "फिरवा!" साहेब ओरडले. हँडलची करकर सुरू झाली. आता नजर नोराकडे न्यायची होती. पण काळे सोडताच डोळ्यांत पांढरे उसळेल, ही भीती मला सोडेना. अजून एक श्वास, मी स्वतःला म्हणालो. मग आणखी एक. गालाला तिचा हात लागला तेव्हा मी दचकलो आणि साहेब म्हणाले, "बस."

दुसऱ्या दिवशी पडद्यावर माझे डोळे उमटले. गडद, जिवंत. टबबाईंनी माझे कोपर दाबले. "आले की हो!"

मग मला दिसले. बायको डावीकडून जवळ येत होती आणि तो माणूस तिच्या खांद्यावरून पलीकडे, भलतीकडेच पाहत होता. तिने स्पर्श केला, तेव्हा कुठे तो हलला.

"पुन्हा दाखवा," पॉलिटसाहेब म्हणाले. दुसऱ्यांदा पाहून झाल्यावर ते खुर्चीवरून उठलेच. "अरे, हा आंधळा होऊनच परतलाय! ती हाताने ओळख देते. झकास! पडद्यावरच्या मजकुराची पाटी बदला. सिरिलला म्हणावं, येऊ नकोस."

"पण साहेब, डोळे तर—"

"डोळे उत्तम आलेत, म्हणून तर काळजाला भिडतं. आंधळा करावा तो तूच, विन्स्लेड."

काम माझेच राहिले. बाहेर बोळात नोरा हातमोजे चढवत उभी होती.

"काल माझ्याकडे एकदा तरी बघितलंस का रे?"

तेव्हा मी पाहिले. तिच्या उजव्या भुवईत एक जुना, बारीक व्रण होता.