बादलीभर बर्फाचा गृहपाठ

मी एक जुनी पत्र्याची बादली आहे. मित्रांनो, मेपलच्या झाडाला लटकून पाक करण्यासाठी तिचा गोडसर रस थेंब थेंब गोळा करणे, एवढ्यासाठीच मला घडवले होते. अमेरिकेतल्या व्हरमाँटच्या टेकडीवर मी चाळीस वसंत राबले. "ही गळायची नाही," असे माझे मालक अर्मांद आजोबा कौतुकाने सांगत. पुढे रस वाहून न्यायला झाडाझाडाला प्लास्टिकच्या नळ्या आल्या आणि माझ्यात गंजके खिळे पडले. वाईट वाटले, पण पत्र्याने रडून काय होणार!

यंदा जानेवारीत हिमवादळाने शाळा बंद पडली, वीजही गेली. अशा दिवसांसाठी शाळेतल्या पेल्कीबाईंनी मुलांना आधीच कागद देऊन ठेवले होते. ताजा बर्फ बादलीभर घ्या, वितळवा, पाणी मोजा. कागद भरून आणला तरच त्या दिवसाची हजेरी. आजोबांची नात ओडेट न्यूमोनियाने आधीच महिनाभर घरी होती. आणखी एक खाडा झाला असता, तर तिचे वर्षच वाया जाणार होते. तिने माझ्यातले खिळे ओतले, मला पुसले, बर्फ भरला आणि लाकडे जाळायच्या शेगडीपाशी ठेवले.

दुपारी आजोबा गोठ्यातून गारठून आले. वीज नाही म्हणून पंप बंद, नळ कोरडे. माझ्यात पाणी दिसले. त्यांनी त्याची कॉफी केली आणि पिऊनही टाकली.

ओडेट रडकुंडीला आली. आजोबा ओशाळले. बाहेर जाऊन त्यांनी मला पुन्हा भरले, मापात कंजुषी नको म्हणून मुठीने ठोकून ठोकून. त्याचे पाणी निघाले नऊ कप.

"लिही नऊ. कोण बघायला येतंय?"

"आधीचं किती होतं, आजोबा?"

"किटली भरली. चार कप."

"बादली तीच, मग पाणी दुप्पट कसं?"

आजोबांनी आपल्या मुठीकडे पाहिले. "मी दाबलं ना, बाळा."

ओडेटने दोन्ही आकडे लिहिले, कारणही लिहिले. खाली खरे तेही लिहिले, 'पहिले चार कप मोजण्याआधीच आजोबा प्यायले.' मग हजेरी मिळते की नाही या धास्तीने तिला जेवण गेले नाही.

सोमवारी कागद परत आला. पेल्कीबाईंनी कोपऱ्यात लिहिले होते, 'हजर. दोघेही.'

मित्रांनो, माझ्यात आता पुन्हा खिळेच आहेत. माझी तक्रार नाही. जुन्या वस्तूत हवे ते भरा, पण बर्फ पडू लागला की तिला रिकामी करायला तेवढे विसरू नका.