नावाड्याचा प्रसंग

फिल्म कापायला बसलं की संकलक तेइझोच्या हाताला नातंगोतं कळत नाही, अशी क्योतोच्या आमच्या स्टुडिओत त्याची ख्याती होती. मी त्याच्याच खोलीत फिल्मचे तुकडे चिकटवायचे, त्यामुळे ती ख्याती त्याच्या डोक्यात किती गेली होती हे मला चांगलं ठाऊक. नटांच्या पंगतीला तो जेवायलासुद्धा बसत नसे.

त्याचा थोरला भाऊ जिन्पाची तिथलाच किरकोळ नट. उमेदीची सगळी वर्षं नायकाच्या तलवारीखाली मरण्यात गेली. या चित्रपटात त्याला पहिल्यांदाच तोंड उघडायला मिळालं होतं. तो नावाडी होता, पळालेल्या सामुराईला जिवावर उदार होऊन नदीपार सोडणारा. काम इतकं सच्चं उतरलं होतं की तुकडे जोडताना माझे डोळे भरून आले.

चित्रपट लांबला. काय काढायचं ते दिग्दर्शकाने तेइझोवर सोडलं. दरबाराचा एक रटाळ प्रसंग सहज निघाला असता, मी तसं म्हटलंही. पण नावाडी राहिला तर लोक म्हणतील भावाला सांभाळलं, या धास्तीने त्याने नावाडीच उडवला. लोक याला कडकपणा म्हणतात. मला तो शुद्ध भित्रेपणा वाटला.

नटाचं काम कापलं गेलं, तर प्रदर्शनाआधी संकलकाने मिठाईचा डबा घेऊन त्याच्या घरी माफी मागायला जायचं, अशी आमच्याकडे रीत. एकट्याने जाववेना म्हणून तेइझोने मलाही नेलं. घरात पहिल्या खेळाला निघालेले शेजारीपाजारी जमलेले, वहिनीने आनंदाच्या दिवशीचा तांबडा भात केलेला. डबा बघून तिला वाटलं, दीर कौतुकाला आला. तिने पहिलं पान त्यालाच वाढलं. जिन्पाचीने डब्याकडे एकदा पाहिलं आणि तो सगळ्यांना चहा ओतू लागला. तेइझो मान खाली घालून भात गिळत राहिला. माफीचा शब्द काही त्याच्या तोंडून निघाला नाही.

मग सगळी वरात थिएटरात गेली. चित्रपट संपला, नावाडी आलाच नाही. बाहेर आल्यावर शेजारच्या टोफूवाल्याने विचारलंच, "जिन्पाचीबुवा, तुम्ही होतात कुठे?"

"मीच काढायला लावलं," जिन्पाची हसून म्हणाला. "बोलताना जीभ अडखळत होती हो माझी. हा बिचारा तर ठेव, ठेव म्हणत होता."

टोफूवाल्याने तेइझोची पाठ थोपटली. असा भाऊ मिळायला भाग्य लागतं, असंही वर म्हणाला. वहिनी मात्र पुढे चालायला लागली.

शेजारी पांगल्यावर जिन्पाची धाकट्याजवळ आला.

"काठावरून एकदम डोंगरात नेलंस सामुराईला. मधे नदी होती, मी होतो, कुठे पत्तासुद्धा लागत नाही. हात चांगला आहे रे तुझा."

तो खरंच कौतुक करत होता. तेइझो माफी मागावी तसा कमरेत वाकला, "दादा," एवढंच म्हणाला आणि सरळ होईना. येणारेजाणारे थांबून बघायला लागले. मी शेजारीच उभी होते, पण त्याच्याकडे बघायची मलाच लाज वाटली.