चौदाच्या वरची वाइन

फुल्क्राँ रुमियू आयुष्यात एकदाही विमानात बसले नव्हते, तरी विमानांपायी त्यांच्या वाइनवर अमेरिकेत पंचवीस टक्के जकात लागली होती. समुद्राच्या अलीकडचे आणि पलीकडचे विमानं बांधणारे, तुम्ही सरकारी पैसा खाल्ला, नाही तुम्ही खाल्ला, म्हणून वर्षानुवर्षं भांडत होते. त्या भांडणात अमेरिकेने ज्या मालावर राग काढला त्यात कोर्बियेरच्या टेकड्यांतली ही लाल वाइनही सापडली. मोठ्या माणसांना राग आला की हाताशी येईल ते आपटतात, त्यातलाच प्रकार.

त्या हुकुमात एक गंमत होती. ज्या वाइनमध्ये दारूचा अंश चौदा टक्क्यांपर्यंत, तिलाच जकात. चौदाच्या वरची सुटली. आणि रुमियूंची वाइन तीन पिढ्या साडेतेराचीच.

फुल्क्राँ एकोणऐंशीचे झाल्यापासून कारभार त्यांची लेक सोलांज पाहत होती. ऑगस्टच्या शेवटी तिला फिलाडेल्फियाहून ग्लेन हॅलोरनचा फोन आला. हा म्हातारा व्यापारी तीस वर्षं त्यांची निम्मी वाइन उचलत होता.

"सोलांज, अर्धा टक्का वाढव. एवढंच मागतो."

"मीठ आहे का ते, चिमूटभर जास्त घालायला?"

"द्राक्षं उशिरा तोड. साखर चढेल, चौदाच्या वर जाशील. या भावात माझी गिऱ्हाइकं बाटलीला हात लावत नाहीत गं. मागचा माल अजून गोदामात पडलाय."

सोलांजने फोन ठेवला आणि खिडकीतून वरच्या शेताकडे पाहिलं. पणजोबांनी लावलेल्या बुटक्या, वाकड्या वेली होत्या तिथे. पीक थोडं, पण घरच्या वाइनची सगळी चव त्यातच. ग्लेनने हात आखडला तर हेच शेत विकावं लागणार होतं. शेजारचा घ्यायला तयारच होता. वेली उपटून तो तिथे सौरऊर्जेच्या पट्ट्या बसवणार होता.

वडील तिला त्याच शेतात भेटले. तोंडात द्राक्षाची बी होती. रुमियूंच्या घरात तोडणीची तारीख दातांनी ठरे. बी कडकन फुटली आणि तिची चव भाजल्या दाण्यासारखी लागली की दुसऱ्या दिवशी कात्र्या बाहेर.

"फुटतेय," ते म्हणाले. "सोमवारी तोडू."

सोलांजने साखर मोजायची नळी डोळ्याला लावली. "पपा, आत्ता तोडली तर साडेतेरा. अजून बारा दिवस थांबायचंय." तिने ग्लेनचं सगळं बोलणं सांगितलं.

"भांडण विमानांचं आणि शिक्षा द्राक्षांना?"

"मी कुठे म्हणतेय की शहाणपणाचं आहे?"

"आणि बारा दिवसांत समुद्राचा वारा सुटला तर? घड कुजतील सगळे. मग पाठव त्याला कुजकी."

"आणि नाही थांबलो तर शेतच जाईल. मग काय चावणार? पट्ट्या?"

फुल्क्राँनी बी थुंकली आणि काठी टेकत घरी निघून गेले. त्या दिवसापासून बापलेकीत पाव सरकव, दार लाव, एवढंच बोलणं उरलं. दोघांचा स्वभाव एकाच मुशीतला. आधी कोण नमणार? म्हातारा मात्र रोज सकाळी टोपी घालून कुठेतरी जाई आणि उन्हं तापल्यावर घामाघूम होऊन परते. गेला असेल चौकात माझ्या नावाने बोटं मोडायला, असं सोलांज मनाशी म्हणे.

आठव्या दिवशी समुद्राचा वारा सुटलाच. ओलसर, चिकट, अंगाला बिलगणारा. तीन दिवस तो हलला नाही. खालच्या शेतांत घडांवर करडी बुरशी चढली आणि शेजाऱ्यांनी जमेल तसं तोडायला घेतलं. सोलांजला जेवण गोड लागेना. तिसऱ्या दिवशी वारा पडल्याबरोबर ती भांडणानंतर पहिल्यांदाच, धापा टाकत, वरच्या शेतात गेली आणि पहिल्याच वेलीपाशी थबकली.

घड कोरडे होते. काळेभोर, टणक. प्रत्येक वेलीची उगवतीकडची पानं कुणीतरी एकेक करून खुडली होती. समुद्राचा वाराही तिकडूनच यायचा, पण घड मोकळे असल्यामुळे ओल धरायला जागाच राहिली नव्हती. मावळतीची पानं तशीच ठेवली होती, दुपारच्या उन्हात द्राक्षं होरपळू नयेत म्हणून. पानं मुळापाशी नीट रचलेली. असा नीटनेटकेपणा साऱ्या गावात एकाच माणसाचा. आणि हाच माणूस चाळीस वर्षं सगळ्यांना दटावत आला होता, की रुमियूंची वेल कधी नागवी करायची नाही.

"पपा, वरच्या शेतातली पानं कुठे गेली?" तिने सूप वाढताना विचारलं.

"रानडुकरं."

"रानडुकरं फक्त उगवतीची पानं खातात?"

"आपल्याकडची हुशार आहेत."

त्यांची बोटं देठांच्या चिकाने काळी पडली होती. सोलांजने त्यांच्या ताटलीत चीजचा मोठा तुकडा ठेवला आणि आणखी काही विचारलं नाही.

ठरल्या दिवशी तोडणी झाली. वाइन चौदा पूर्णांक दोनची उतरली. पण घरात तिला कुणी विचारेना. सोलांज पिंपातून काढून तिची बाटली टेबलावर ठेवी आणि फुल्क्राँ ती बाजूला सारून दोन वर्षांपूर्वीची ओतून घेत. "वॉशिंग्टनच्या मर्जीची दारू मी जेवणाबरोबर घेत नाही." हिवाळाभर हेच चाललं.

मार्चमध्ये बाटल्या भरून झाल्या, लेबलं लागली, आणि ग्लेनचा फोन आला. आवाज ओशाळलेला.

"सोलांज, मोठ्यांनी भांडण थांबवलंय. जकात उठली. सध्या तरी."

"म्हणजे साडेतेराचीही सुटली?"

"सगळ्याच सुटल्या. आणि गिऱ्हाइकं आता जुनीसारखी हलकी मागतायत."

सोलांज खुर्चीत बसली. "ती नाहीये माझ्याकडे."

"ठाऊक आहे. मी मागितली म्हणून तू केलीस. ठरलेला सगळा माल मी उचलणार, ती काळजी सोड. फक्त या वर्षी तुझ्या पपांच्या तारखेला तोड."

शेत वाचलं होतं. तरी दुपारी जेवायला बसताना तिने नवी बाटली टेबलाच्या कडेलाच ठेवली. बातमी सांगून झाल्यावर ती म्हणाली, "चुकलं माझं. सोमवारी तोडू म्हणालात तेव्हाच तोडायला हवं होतं. सगळी मेहनत फुकट गेली."

"कुणाची?"

"रानडुकरांची."

फुल्क्राँनी पावाचा तुकडा सुपात बुडवला. "म्हणजे आता या वाइनवर कुणाचा हुकूम नाही?"

"नाही."

"सवलतही नाही?"

"कसलीच नाही. ग्लेन नेईल ती शब्दाखातर. मनापासून ती आता कुणालाच नकोय, पपा."

"कुणालाच कशी?" त्यांनी जुनी बाटली बाजूला सारली आणि रिकामा पेला तिच्यापुढे धरला. "ओत."

सोलांजने ओतली. त्यांनी घोट घेतला, तोंडात फिरवला, डोळे मिटले.

"जड आहे," ते म्हणाले. मग दुसरा घोट घेतला, आणि पेला पुन्हा तिच्यासमोर आला.

"भर अजून. वरच्या शेतातली आहे."