मुक्या सिनेमाची बोलणारी

माझ्या हातात माईक दिला तो बाबांनीच. पुढं जे झालं त्याचा दोष ते मला देतात. देवोत बापडे.

नव्व्याण्णव सालची गोष्ट. मुंबईच्या कुठल्याशा सिनेमावेड्या मंडळींनी जव्हारला पडदा लावला. सिनेमा कोरियातला, जुना, मुका. त्या देशात म्हणे पडद्याशेजारी एक माणूस उभा राहून सगळ्यांच्या तोंडचं बोलायचा. इथं कोण बोलणार? तुळशीदास गुरुजींची मंजुषा, म्हणजे मी! पहिल्या रांगेत रोहिदासची माणसं बसली होती. रोहिदास ठाण्याला सरकारी क्लार्क, दुसऱ्या दिवशी आमचा साखरपुडा. पोरगी कशी घडाघडा बोलते, ते बाबांना त्यांना दाखवायचं होतं.

मागं जमिनीवर जिवा बसला होता. आमच्यासारखाच वारली, आमच्याच खोडाळ्याचा, रस्त्याच्या कामावर खडी फोडणारा. माझं त्याच्यावर प्रेम आहे हे बाबांना ठाऊक होतं. पण गुरुजी झाल्यापासून असल्या माणसांकडे ते नाक मुरडूनच बघायचे.

पडद्यावर जमीनदाराची मुलगी घरच्या गड्यावर भाळली. मी झकास बोलत होते, रोहिदासची आई मान डोलावत होती. मग ती मुलगी बापापुढं वाकली. मंडळींनी मला आधीच सांगून ठेवलं होतं, इथं ती माफी मागते. मला त्या रडक्या माफीचा भयंकर राग आला. तिचे ओठ हलत होते, आणि शब्द माझ्या हातात होते.

"बाबा, माफी नाही मागत. पाया पडते आणि निघते," मी माईकवर म्हटलं. "उद्याचा साखरपुडा मोडा. मला जिवा पाहिजे."

मागून शिट्टी आली. रोहिदासची माणसं ताडकन उठली. बाबा धावत आले आणि त्यांनी माईक हिसकावला.

"लाज नाय वाटत? लग्नाबिगर त्याचे घरी जाशील?" रागात गुरुजींची पुस्तकी मराठी गळून पडली.

"जाईन. लग्न लावायला धवलेरी येईल सवडीनं. आपल्यात असंच चालत आलंय."

"आपल्यात नाय! त्या अडाणी लोकांत!"

जिवा पुढं आला होता. मी त्याचा हात धरला. माईक नव्हता, तरी शेवटच्या माणसाला ऐकू जाईल एवढ्या मोठ्यानं विचारलं,

"बाबा, आजी-आजोबांचं लग्न लागलं, तेव्हा मांडवात तुम्ही कोणाच्या कडेवर होता?"