सावत्र आईचा मासा

कोमलावी मास्तरांना शेवटी भर रंगमंचावर तळलेला मासा मिळाला. पण ते राहू द्या. मासाबिसा कुणी दिलेला नाही, असं धरून चालू.

मास्तर मूळचे टोगोतल्या अताक्पामेचे. चाळीस वर्षांपूर्वी एका फिरत्या नाटक मंडळीबरोबर ते घानात, सेकोंडीला आले. मंडळीत बायका नव्हत्या, म्हणून दुष्ट सावत्र आई त्यांच्या वाट्याला. प्रयोग संपल्यावर झगा आणि डोईचं फडकं न उतरवताच ते ट्रकवर चढले, तर नव्या मॅनेजरने त्यांना अदबीने खाली उतरवलं. "बाई, ही नाटकवाल्यांची गाडी आहे."

एवढी मोठी दाद त्यांना पुन्हा कधी मिळाली नाही. त्या आनंदात ते उभे राहिले आणि ट्रक निघून गेला.

मग ते इथल्या शाळेत नाटक शिकवू लागले. दर वर्षी मुलांना घेऊन तेच नाटक, सावत्र आई स्वतः मास्तर, आणि शिकवणही एकच: "छप्पर पडलं तरी भूमिका सोडायची नाही."

सेकोंडीत नाटकातल्या दुःखी माणसालाही कुणी उपाशी ठेवत नाही. अनाथ मुलगी रडली की बायका थेट वर चढतात, तिच्या हातात केळं, आंबवलेल्या मक्याच्या केंकीचा गोळा, मासा ठेवतात आणि डोळे पुसत खाली येऊन बसतात. सावत्र आईला संत्र्याची सालं. ती फेकायची बंदरावर मासे विकणाऱ्या मामी एकुवाने, पहिल्या रांगेतून. तीस वर्षांत तिचा नेम एकदाही चुकला नव्हता.

"मामी, बाजारात तर हसून बोलता," मास्तर एकदा म्हणाले.

"बाजारात तू पोरीला मारत नाहीस."

यंदा कायमच्या वास्तव्याचा त्यांचा अर्ज चौथ्यांदा परत आला. शेरा होता: 'स्थानिकांनी अर्जदारास आपले मानल्याचा पुरावा जोडावा.' मास्तरांनी बराच विचार केला. पुरावा म्हणून सालं तेवढी आठवली. मग त्यांनी ठरवलं, हा शेवटचा प्रयोग. त्यातही कुणी साधं केळं दिलं नाही, तर बहिणीकडे अताक्पामेला परत.

हे ठाऊक होतं फक्त अराबाला. ती त्यांची विद्यार्थिनी, यंदाची अनाथ मुलगी.

"मग या वेळी अनाथ तुम्हीच व्हा ना, मास्तर."

"बासष्टाव्या वर्षी?"

"आईवडील आहेत का तुम्हाला?"

 पण मास्तरांनी काम बदललं नाही.

रविवारी दुपारी नाटक रंगलं. मास्तरांनी पळी उगारली, अराबाला मारायला वाकले आणि गुडघे जे टेकले ते उठेचनात.

"उचल मला," ते पुटपुटले.

"नको गं आई, मारू नकोस!" अराबा किंचाळली. शिकवण पक्की होती.

"अगं, खरंच उठता येत नाहीये."

"आई, दया कर!"

तेवढ्यात मामी एकुवा उठली. वर चढली. मास्तरांनी डोळे मिटून मान खाली घातली. हातात काहीतरी गरम आलं.

"खा," मामी म्हणाली. "तीस वर्षं या अनाथ पोरीपायी शिव्या घातल्या तुला. पण तुला जेवायला कोण घालतं, हे आमच्यापैकी एकीनेही विचारलं नाही."

"मामी, हा मासा सावत्र आईला की मला?"

"गप खा. काटे आहेत."

मागून केळी आली, केंकी आली. कुणीतरी त्यांना काखेत धरून उभं केलं. अराबाला त्या दिवशी काहीच मिळालं नाही. ती भूमिका न सोडता भुकेली रडत राहिली. मास्तरांनी अर्धा मासा मोडून तिला दिला. सावत्र आईने असं करणं नाटकात बसत नव्हतं.

बहिणीला त्यांनी कळवलं, येत नाही. सोमवारी पाचवा अर्ज गेला. त्यातली शेवटची ओळ अशी:

'सबब, पुरावा म्हणून माशाचा काटा, नग एक, सोबत जोडला आहे. त्याची रीतसर नोंद घेऊन, काटा अर्जदारास सुस्थितीत परत मिळावा, ही नम्र विनंती.'