खालची ओळ

माणसाने अढी धरावी तर निदान धड कारणासाठी. धुळ्यात मोटारीच्या सुट्या भागांचं दुकान चालवणाऱ्या अभिमनने ती धरली फुटबॉलच्या व्हिडिओ गेमवरून, आणि तीही सख्ख्या मावसभावाशी.

शाळेत असताना शिंदखेड्याला मावशीकडे तो आणि लोटन टीव्हीला जोडून तो गेम खेळत. कॅसेट जपानी. अक्षराचा गंध नाही, म्हणून दोघांनी आपलं ठरवून टाकलेलं: चौकटीतली वरची ओळ म्हणजे 'हो', खालची म्हणजे 'नाही'. अख्खी सुटी घालवून एकदाचा कप जिंकला. चौकट आली. गुण जपून ठेवायचे का, असंच ती विचारत असणार. लोटनने खालची ओळ दाबली आणि पडद्यावर सगळे गुण शून्य!

"जळकुकड्या, मुद्दाम पुसं तू!" म्हणत अभिमनने कॅसेटच उपटली.

तेव्हापासून बोलणं तुटलं. पुढे लोटनच्या लग्नालाही हा पठ्ठ्या गेला नाही. दुकानात माल येणार होता म्हणे. मावशी वारली तेव्हा दारातूनच हात जोडून परतला.

परवा मुलीने, हेमांगीने, तोच गेम त्याला फोनवर आणून दिला. कुणा हौशी चाहत्याने त्यातलं सगळं जपानी इंग्रजीत केलं होतं. अभिमन हट्टाने कप जिंकेपर्यंत खेळला. तीच चौकट आली. वर लिहिलं होतं, 'इथेच थांबा.' खाली, 'हाच संघ घेऊन पुढच्या मोसमात चला.'

त्याने खालची ओळ दाबली. नव्या मोसमाचे गुण शून्य, पण कोपऱ्यात कप शाबूत. म्हणजे लोटनने काहीच पुसलं नव्हतं. पुसलं ते चालू गेममधून कॅसेट उपटणाऱ्याने. अभिमनला मेल्याहून मेल्यासारखं झालं. त्याने जळगावला लोटनला फोन लावला.

"लोटन, तो फुटबॉलना गेम... तू काहीच पुसेल नव्हतं रे."

"कोनता गेम, भाऊ?"

अभिमनने अडखळत सगळं सांगितलं.

"त्यानाकरता लगीनमा उना नई तू?" लोटन म्हणाला. "आम्हले वाटनं, मानपानमा काही चुकनं. माय मरेपावत इचारे, अभिमन कसावर रुसना? तुन्हा मानना टोपी-टावेल तिनी पेटीमा ठेयेल शे. येजो कधी, लई जाजो."